हुंडाछळाच्या तक्रारी व न्यायालयीन कार्यवाही

हुंडाछळ : विवाहित स्त्रीकडून किंवा तिच्या माहेरच्या माणसांकडून पैसा, दागिने, वाहन, जमीन अथवा अन्य मौल्यवान वस्तू मिळविण्यासाठी, किंवा अशी मागणी पुरी न झाल्यामुळे, पती वा पतीचे नातेवाईक यांनी त्या स्त्रीचा केलेला शारीरिक अथवा मानसिक छळ. कायद्यात हुंडाछळ अशी स्वतंत्र संज्ञा नाही. भारतीय दंड संहितेच्या कलम ४९८-अ मध्ये ‘पतीने किंवा त्याच्या नातेवाइकाने केलेली क्रूर वागणूक’ हा अपराध सांगितला होता व हुंड्यासाठी होणारा छळ हा त्याचा एक प्रकार होता. दि. १ जुलै २०२४ पासून दंड संहितेची जागा भारतीय न्याय संहिता, २०२३ हिने घेतली असून हीच तरतूद आता तिच्या कलम ८५ व ८६ मध्ये आहे. त्या तारखेपूर्वी घडलेल्या अपराधांना मात्र जुनेच कलम लागू पडते. हुंड्याच्या रूढीचा सामाजिक इतिहास येथे अभिप्रेत नाही [→ हुंडा]. तक्रार दाखल झाल्यापासून निकालापर्यंत न्यायालये तिची हाताळणी कशी करतात आणि विशेषतः सासरच्या नातेवाइकांचा दोष कसा ठरवितात, याचे विवेचन येथे केले आहे.

या विषयातील मुख्य अडचण प्रारंभीच लक्षात घेणे इष्ट ठरेल. हा अपराध घराच्या चार भिंतींच्या आत घडतो आणि त्याचे साक्षीदार बहुधा आरोपींचे आप्तच असतात. छळ सोसणारी स्त्री आपले दुःख ‘सासरची माणसे’ अशा सामुदायिक शब्दांत सांगते. कारण तिच्या अनुभवात सासर हे एकसंधच असते. याउलट फौजदारी कायद्यात दोष हा कुटुंबाचा नसून व्यक्तीचा असतो आणि तो ज्याचा त्याचा स्वतंत्रपणे सिद्ध व्हावा लागतो. या दोन गोष्टींचा मेळ कसा घालावयाचा, हाच प्रश्न १९८३ पासून न्यायालयांपुढे वेगवेगळ्या रूपांत उभा राहिला आहे.

ऐतिहासिक पार्श्वभूमी : हुंड्यास कायद्याने प्रतिबंध करण्याचे प्रयत्न प्रथम प्रांतिक पातळीवर झाले. सिंध प्रांतात १९३९ मध्ये, बिहारमध्ये १९५० मध्ये आणि आंध्र प्रदेशात १९५८ मध्ये असे कायदे झाले. संपूर्ण देशासाठी हुंडा प्रतिबंध अधिनियम १९६१ मध्ये संमत झाला व त्याच वर्षी १ जुलैपासून अंमलात आला. तथापि मूळ स्वरूपात तो दुबळा होता. त्याखालील अपराध बिनदखली व जामीनपात्र होते, तक्रार एक वर्षाच्या आत करावी लागे आणि हुंडा मागितल्याबद्दल खटला भरण्यास शासनाची पूर्वमंजुरी लागे. शिवाय हुंडा देणाराही गुन्हेगार ठरत असल्यामुळे मुलीचा पिता तक्रार करण्यास धजत नसे. ‘विवाहाचा मोबदला’ म्हणून दिलेली वस्तू म्हणजे हुंडा, अशी व्याख्या असल्याने विवाहानंतरच्या मागण्या तिच्यात बसत नाहीत, असा युक्तिवादही करता येई.

सु. १९७५–८५ या दशकात दिल्ली, मुंबई, पुणे इ. शहरांत नवविवाहितांच्या संशयास्पद मृत्यूंविरुद्ध स्त्री-संघटनांनी आंदोलने केली. स्टोव्हचा भडका उडून किंवा विहिरीत पडून झालेले ‘अपघात’ हे नेहमीच अपघात नसतात, हे त्यांनी समाजाच्या निदर्शनास आणले. पुण्यातील एका विवाहितेच्या १९८२ मधील मृत्यूचा खटला या काळात विशेष गाजला. सत्र न्यायालयाने पतीला खुनाबद्दल देहान्ताची शिक्षा दिली व मुंबई उच्च न्यायालयाने ती कायम केली. परंतु सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्ये, मृत्यू आत्महत्येमुळेही झालेला असू शकतो, या शंकेचा फायदा देऊन पतीस निर्दोष ठरविले. परिस्थितिजन्य पुराव्याची साखळी कशी असावी, याविषयी या निर्णयात सांगितलेली तत्त्वे आजही प्रमाण मानली जातात. घरात घडलेल्या मृत्यूबाबत खून सिद्ध करणे किती अवघड आहे, हेही या खटल्याने दाखवून दिले. मृत्यू घडण्याची वाट न पाहता त्याआधीच्या छळालाच अपराध ठरविले पाहिजे, ही मागणी अशा अनुभवांतून बळावली होती.

तदनुसार फौजदारी कायदा (दुसरी सुधारणा) अधिनियम, १९८३ अन्वये दंड संहितेत कलम ४९८-अ व पुरावा अधिनियमात कलम ११३-अ घालण्यात आले. ही सुधारणा २५ डिसेंबर १९८३ पासून अंमलात आली. हुंडा प्रतिबंध अधिनियमात १९८४ व १९८६ मध्ये दुरुस्त्या होऊन हुंड्याची व्याख्या ‘विवाहाच्या संबंधात’ दिलेल्या वा द्यावयाच्या मालमत्तेपर्यंत विस्तारली आणि पीडित व्यक्तीने केलेल्या निवेदनावरून तिच्यावरच खटला भरता येणार नाही, असे संरक्षण मिळाले. याच क्रमात १९८६ मध्ये हुंडाबळी हा स्वतंत्र अपराध (कलम ३०४-ब) निर्माण झाला.

अपराधाचे स्वरूप : क्रूर वागणुकीचे दोन प्रकार कायद्याने सांगितले आहेत. पहिल्यात स्त्रीला आत्महत्येस प्रवृत्त करील किंवा तिच्या जीवितास, शरीरास अथवा शारीरिक वा मानसिक आरोग्यास गंभीर इजा पोहोचवील असे बुद्धिपुरस्सर वर्तन येते. दुसऱ्यात मालमत्तेची बेकायदेशीर मागणी पुरी करून घेण्यासाठी, किंवा ती पुरी न केल्याबद्दल, केलेला छळ येतो. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कारावास व दंड अशी आहे. हे दोन प्रकार परस्परांपासून स्वतंत्र आहेत. हुंड्याची मागणी सिद्ध न झाली तरी पहिल्या प्रकारची क्रूरता सिद्ध झाल्यास अपराध घडतो, असे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२४ मध्ये स्पष्ट केले. घरगुती कुरबुरी, स्वयंपाकावरून होणारी बोलाचाली किंवा स्वभावभेदातून उद्‌भवणारे खटके यांना मात्र न्यायालये क्रूरता मानीत नाहीत. प्रत्येक त्रास हा कलम ४९८-अ खालील क्रूरता नव्हे, ही भूमिका मुंबई उच्च न्यायालयाने १९९० च्या सुमारासच घेतली होती.

कोणती मागणी हुंड्याच्या व्याख्येत बसते, याविषयी निर्णयांत फरक पडला. महाराष्ट्रातील एका हुंडाबळी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये, घरखर्च व शेतीच्या खतासाठी मागितलेले पैसे म्हणजे हुंडा नव्हे, असे म्हटले. पुढे २०२२ मध्ये तीन न्यायाधीशांच्या न्यायपीठाने घर बांधण्यासाठी केलेली पैशांची मागणी हुंड्यात मोडते, असा निर्वाळा देऊन व्याख्येचा अर्थ व्यापक केला. क्रूर वागणुकीच्या अपराधात ‘हुंडा’ हा शब्दच नसून ‘बेकायदेशीर मागणी’ असा शब्दप्रयोग आहे. त्यामुळे तेथे हा वाद तितकासा निर्णायक ठरत नाही.

तक्रार, अन्वेषण व अटक : हा अपराध दखलपात्र आहे, परंतु त्याची खबर स्वतः पीडित स्त्रीने, तिच्या रक्ताच्या, विवाहाने जोडलेल्या वा दत्तक नात्याच्या व्यक्तीने, किंवा असा नातेवाईक नसल्यास शासनाने अधिसूचित केलेल्या लोकसेवकाने दिली पाहिजे. अपराध अजामीनपात्र असून त्याची चौकशी प्रथम वर्ग न्यायदंडाधिकाऱ्यापुढे होते. अशा अपराधाची दखल घेण्यास तीन वर्षांची कालमर्यादा आहे. मात्र छळ हा चालू राहणारा अपराध असल्याने प्रत्येक नव्या कृत्याबरोबर ही मुदत नव्याने सुरू होते, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९९ मध्ये सांगितले.

तक्रार कोठे करावयाची, हा प्रश्न व्यवहारात फार महत्त्वाचा होता. छळ सासरी घडलेला, तर स्त्री माहेरी परतलेली, अशा स्थितीत तिला दूरच्या सासरगावीच खटला चालवावा लागल्यास तो सोडून देण्यावाचून तिला गत्यंतर नसे. रूपाली देवी वि. उत्तर प्रदेश राज्य (२०१९) या निर्णयात त्रिसदस्य न्यायपीठाने हा प्रश्न निकालात काढला. छळाचे मानसिक परिणाम स्त्री माहेरीही भोगीत असते. म्हणून जेथे तिने आश्रय घेतला असेल तेथील न्यायालयासही अधिकारिता आहे, असे या निर्णयाने ठरविले.

तक्रारीनंतर पोलीस ठाण्यात वा महिला साहाय्य कक्षात पतिपत्नींना समोरासमोर बोलावून समुपदेशन करण्याची पद्धत महाराष्ट्रात रूढ आहे. टाटा सामाजिक विज्ञान संस्थेने मुंबई पोलिसांच्या सहकार्याने १९८४ मध्ये स्थापन केलेला स्त्रिया व मुलांसाठीचा विशेष कक्ष हा या दिशेने झालेला आरंभीचा प्रयत्न होय. दखलपात्र अपराधाची खबर मिळताच ती नोंदविणे बंधनकारक असले, तरी वैवाहिक तंट्यांत नोंदणीपूर्वी अल्पकालीन प्राथमिक चौकशी करता येते, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने २०१३ मध्ये मान्य केले. समुपदेशन लांबत गेले, तर मात्र तक्रारच दडपली जाण्याचा धोका संभवतो.

अटकेचा प्रश्न सर्वाधिक वादग्रस्त ठरला. अर्णेश कुमार वि. बिहार राज्य या खटल्यात २ जुलै २०१४ रोजी निर्णय देताना सर्वोच्च न्यायालयाने राष्ट्रीय गुन्हे नोंदणी विभागाची आकडेवारी उद्‌धृत केली. तीनुसार २०१२ या एका वर्षात या कलमाखाली १,९७,७६२ व्यक्तींना अटक झाली होती व त्यांपैकी ४७,९५१ स्त्रिया होत्या. ९३·६ टक्के प्रकरणांत दोषारोपपत्र दाखल झाले. दोषसिद्धीचे प्रमाण मात्र सु. १५ टक्के होते आणि ३,७२,७०६ खटले प्रलंबित होते. अटक करण्याचा अधिकार असणे व अटक आवश्यक असणे या दोन भिन्न गोष्टी आहेत, हे या निर्णयाचे सार होय. सात वर्षांपर्यंत शिक्षा असलेल्या अपराधांत पोलिसांनी अटकेची आवश्यकता लेखी कारणांसह दाखविली पाहिजे, अन्यथा आरोपीस दोन आठवड्यांत हजर राहण्याची नोटीस द्यावी, दंडाधिकाऱ्याने ही कारणे तपासल्याशिवाय कोठडी देऊ नये आणि कुचराई करणाऱ्या अधिकाऱ्यावर विभागीय व न्यायालयाच्या अवमानाची कारवाई व्हावी, असे निर्देश देण्यात आले. अपराध अजामीनपात्र राहिला. पण तक्रार येताच सर्व कुटुंबीयांना ताब्यात घेण्याची प्रथा यामुळे पुष्कळ अंशी आटोक्यात आली.

सासरच्या नातेवाइकांचे दायित्व : ‘पतीचा नातेवाईक’ या शब्दांची व्याख्या कायद्यात नाही. रक्त, विवाह वा दत्तकविधान यांमुळे निर्माण झालेले नाते, असा त्यांचा अर्थ न्यायालयांनी लावला. त्यामुळे पतीची प्रेयसी किंवा विवाहबाह्य संबंधातील स्त्री या कलमाखाली आरोपी होऊ शकत नाही (२००९). दुसरी पत्नी असल्यामुळे जिचा विवाह कायद्याने शून्य ठरतो, अशा स्त्रीस या कलमाचा आश्रय आहे किंवा नाही, याविषयी परस्परविरोधी निर्णय आढळतात. २००४ मध्ये उद्दिष्टलक्षी अर्थ लावून तिला संरक्षण देण्यात आले; तर अन्य काही निर्णयांत वैध विवाह आवश्यक मानला गेला.

नातेवाइकांची नावे सरसकट गोवण्याच्या प्रवृत्तीकडे सर्वोच्च न्यायालयाने २००० मध्येच एका हुंडाबळी प्रकरणात लक्ष वेधले होते. प्रीती गुप्ता वि. झारखंड राज्य (२०१०) या प्रकरणात वेगळ्या शहरांत राहणाऱ्या व दांपत्याच्या घरी क्वचितच गेलेल्या नणंद व दीर यांच्यावरील कार्यवाही रद्द करण्यात आली आणि विधिमंडळाने या तरतुदीचा फेरविचार करावा, असे सुचविण्यात आले. पुढे २०१२, २०२२ व २०२४ मधील निर्णयांत हेच सूत्र दृढ झाले. विशिष्ट कृत्य न सांगता केलेले मोघम व सर्वसमावेशक आरोप नातेवाइकांवर खटला चालविण्यास पुरेसे नाहीत, असे हे सूत्र आहे.

न्यायालय ही छाननी कशी करते, हे एका कल्पित उदाहरणावरून स्पष्ट होईल. ‘पती, सासू, सासरे, दीर व विवाहित नणंद यांनी मोटारसायकलसाठी मला वेळोवेळी त्रास दिला’ एवढाच मजकूर तक्रारीत असेल, तर कोणी, केव्हा, कोठे व काय केले, हे त्यातून कळत नाही. नणंद परगावी नांदत असेल व तिच्या एखाद्या कृत्याचा उल्लेखही नसेल, तर तिच्याविरुद्धची कार्यवाही पुढे चालविणे म्हणजे केवळ नात्याबद्दल शिक्षा करणे होय. परंतु त्याच तक्रारीत ‘दिवाळसणाच्या वेळी सासूने माझ्या वडिलांसमोर पैशांची मागणी केली, ती नाकारल्यावर दोन दिवस मला जेवण दिले नाही आणि दिराने मारहाण केली’ असा तपशील असेल, तर सासू व दीर यांच्याविरुद्ध चौकशी होणे क्रमप्राप्त ठरते. येथे नात्याच्या जवळिकीपेक्षा कृत्याचा तपशील निर्णायक ठरतो. दूर राहणारा नातेवाईक नेहमीच निर्दोष असतो असे नाही. फोनवरून दिलेली चिथावणी किंवा बँकेत स्वतःच्या नावे घेतलेली रक्कम हाही पुरावा असतो. दुसरे असे, की पहिली खबर ही बहुधा घाबरलेल्या स्त्रीने तोंडी सांगितलेली व हवालदाराने ठरावीक भाषेत उतरवून घेतलेली असते. तिच्यातील मोघमपणाचा दोष सर्वस्वी त्या स्त्रीचा नसतो. पुरवणी जबाब व साक्षीदारांचे जबाब काळजीपूर्वक घेतले गेले, तर हा दोष पुष्कळसा दूर होऊ शकतो.

पुरावा व गृहीतके : चौकशीच्या वेळी फिर्यादी स्त्री, तिचे आईवडील, भाऊबहिणी, मैत्रिणी व शेजारी यांच्या साक्षी, पत्रव्यवहार, वैद्यकीय कागदपत्रे, बँकेचे उतारे आणि अलीकडे भ्रमणध्वनीवरील संदेश हा मुख्य पुरावा असतो. माहेरची माणसे हितसंबंधी आहेत, एवढ्याच कारणावरून त्यांची साक्ष त्याज्य ठरत नाही; कारण विवाहित स्त्री आपले दुःख प्रथम त्यांनाच सांगते. तक्रारीस झालेल्या विलंबाकडेही न्यायालये याच दृष्टीने पाहतात. संसार टिकावा म्हणून स्त्रिया बराच काळ मूक राहतात, हे न्यायालयांना मान्य आहे. मात्र घटस्फोटाची नोटीस मिळताच प्रथमच तक्रार केलेली असेल, तर तिची अधिक बारकाईने पारख केली जाते.

स्त्रीचा मृत्यू झाला असेल, तर कायद्याने पुराव्याचा भार काही अंशी आरोपीवर टाकला आहे. विवाहापासून सात वर्षांच्या आत स्त्रीने आत्महत्या केली व तिला क्रूरपणे वागविले गेले होते असे सिद्ध झाले, तर पती वा नातेवाइकांनी आत्महत्येस अपप्रेरणा दिली, असे न्यायालय गृहीत धरू शकते. हुंडाबळीबाबतचे गृहीतक याहून कडक आहे. सात वर्षांच्या आत जळल्यामुळे, शारीरिक इजेमुळे वा अन्य अस्वाभाविक कारणाने मृत्यू झाला आणि मृत्यूच्या ‘लगतपूर्वी’ हुंड्यासाठी छळ झाला, हे अभियोग पक्षाने सिद्ध केल्यास न्यायालयाला हुंडाबळी गृहीत धरावाच लागतो. ‘लगतपूर्वी’ याचा अर्थ ठरावीक दिवस वा महिने असा नसून छळ व मृत्यू यांत निकटचा व जिवंत संबंध असला पाहिजे, असा आहे. हुंडाबळीस किमान सात वर्षांची व कमाल जन्मठेपेची शिक्षा आहे. ही गृहीतके नव्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ११७ व ११८ मध्ये, तर हुंडाबळीचा अपराध न्याय संहितेच्या कलम ८० मध्ये आहे. जिवंत स्त्रीच्या तक्रारीवरून चाललेल्या खटल्यात मात्र असे कोणतेही गृहीतक नसते. तेथे छळ वाजवी शंकेपलीकडे सिद्ध करावा लागतो.

स्त्रीधन परत मिळविण्याचा प्रश्न बहुधा याच तक्रारीबरोबर उपस्थित होतो. सासरी ठेवलेले दागिने ही स्त्रीची स्वतःची मालमत्ता राहते व ती परत न देणे हा विश्वासघाताचा अपराध ठरू शकतो, असे सर्वोच्च न्यायालयाने प्रतिभा राणी वि. सूरज कुमार (१९८५) या प्रकरणात ठरविले [→ स्त्रीधन].

तडजोड व कार्यवाही रद्द करणे : हा अपराध पक्षकारांना आपसात मिटविता येत नाही. आंध्र प्रदेशाने २००३ मध्ये राज्यदुरुस्ती करून न्यायालयाच्या परवानगीने तो मिटविण्याची मुभा दिली. न्यायमूर्ती मलिमथ समितीने (२००३) तो जामीनपात्र व मिटविण्याजोगा करावा, असे सुचविले. तर विधी आयोगाने आपल्या २४३ व्या अहवालात (२०१२) न्यायालयाच्या परवानगीने तडजोडीस वाव द्यावा, परंतु अपराध अजामीनपात्रच ठेवावा, अशी शिफारस केली. २०२३ च्या संहितेत यांपैकी कोणताही बदल झाला नाही.

व्यवहारात ही उणीव उच्च न्यायालयांच्या अंगभूत अधिकारांनी भरून काढली. बी. एस. जोशी वि. हरियाना राज्य (२००३) या निर्णयानुसार पतिपत्नींत खरीखुरी तडजोड झाली असेल, तर उच्च न्यायालय कार्यवाही रद्द करू शकते; कारण तांत्रिक हट्टाने खटला चालू ठेवणे हे स्त्रीच्याच हिताविरुद्ध जाते. सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये मध्यस्थीस योग्य अशी प्रकरणे मध्यस्थी केंद्रांकडे पाठवावीत, असे सांगितले व त्याच निर्णयात, हेतुतः केलेली खोटी तक्रार ही पतीच्या बाबतीत मानसिक क्रूरता ठरून घटस्फोटाचे कारण होऊ शकते, असेही म्हटले. अनेक खटले अशा रीतीने पोटगी, दागिने व परस्परसंमतीने घटस्फोट यांच्या एकत्रित करारात संपतात. अशा खटल्यांत छळ झाला होता किंवा नाही, याचा निर्णय कधीच होत नाही.

कुटुंब कल्याण समित्या : राजेश शर्मा वि. उत्तर प्रदेश राज्य (२०१७) या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या द्विसदस्य न्यायपीठाने प्रत्येक जिल्ह्यात कुटुंब कल्याण समित्या स्थापाव्यात, तक्रारी प्रथम त्यांच्याकडे पाठवाव्यात व एक महिन्यात अहवाल येईपर्यंत सामान्यतः अटक करू नये, असे निर्देश दिले. त्यांविरुद्ध झालेल्या याचिकांत अहमदनगर (आता अहिल्यानगर) येथील ‘न्यायाधार’ या संस्थेचीही याचिका होती. सोशल ॲक्शन फोरम फॉर मानव अधिकार वि. भारतीय संघराज्य या निर्णयाने (१४ सप्टेंबर २०१८) त्रिसदस्य न्यायपीठाने समित्यांसंबंधीचे निर्देश रद्द केले. संहितेत नसलेली यंत्रणा न्यायालयाने निर्माण करणे हे कायदा करण्यासारखे आहे, असे त्याचे कारण होते. यानंतर अलाहाबाद उच्च न्यायालयाने २०२२ मध्ये दोन महिन्यांचा ‘शमनकाल’ व त्या अवधीत समितीकडून समझोत्याचा प्रयत्न, अशी मार्गदर्शक तत्त्वे घालून दिली आणि जुलै २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या द्विसदस्य न्यायपीठाने ती अंमलात राहतील, असे सांगितले. मोठ्या न्यायपीठाने अमान्य केलेली कल्पना अशा रीतीने पुन्हा अवतरल्याने तिच्या वैधतेविषयी मतभेद आहेत.

अन्य उपाय : कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण अधिनियम, २००५ (अंमल २६ ऑक्टोबर २००६) याने संरक्षण, निवास, आर्थिक साहाय्य व मुलांचा ताबा यांविषयी आदेश मिळविण्याचा मुख्यतः दिवाणी स्वरूपाचा मार्ग खुला केला. पतीच्या नातेवाइकांच्या मालकीच्या, परंतु स्त्री जेथे नांदली अशा घरातही तिला निवासाचा हक्क मागता येतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये मान्य केले. कित्येक स्त्रियांना पतीस शिक्षा होण्यापेक्षा डोक्यावर छप्पर व मुलांच्या खर्चाची तरतूद अधिक निकडीची असते. हा कायदा होण्यापूर्वी त्यासाठीही त्यांना फौजदारी तक्रारीचाच दबाव वापरावा लागे.

मूल्यमापन : कलम ४९८-अ घटनाबाह्य असल्याचा दावा सर्वोच्च न्यायालयाने सुशील कुमार शर्मा वि. भारतीय संघराज्य (२००५) या प्रकरणात फेटाळला. दुरुपयोगाची शक्यता हे कायदा रद्द करण्याचे कारण होत नाही, असे सांगतानाच सूडबुद्धीने केलेल्या तक्रारींबाबत न्यायालयाने कठोर शब्द वापरले. तेव्हापासून दुरुपयोगाची चर्चा या कलमाची सतत सोबत करीत आली आहे. या चर्चेत दोषसिद्धीचे अल्प प्रमाण हा तक्रारी खोट्या असल्याचा पुरावा म्हणून वारंवार दिला जातो. तो अनुमानदोष होय. खटला सुटण्यामागे तडजोड, साक्षीदारांचे फितूर होणे, निकृष्ट अन्वेषण, वर्षानुवर्षांच्या तारखांनी आलेला थकवा आणि बंद घरातील घटनेस पुरावा नसणे, अशी अनेक कारणे असतात. आरोप खोटा असणे हे त्यांपैकी केवळ एक होय. उलट, दोषमुक्त झालेल्या वृद्ध सासूसासऱ्यांनी न्यायालयाच्या वाऱ्यांत घालविलेली वर्षे व अविवाहित नणंदेच्या नावावर बसलेला आरोपाचा ठसा ही हानीदेखील खरी असते व ती कोणत्याही निकालाने भरून येत नाही.

राष्ट्रीय गुन्हे नोंदणी विभागाच्या अहवालानुसार २०२२ मध्ये पती वा त्याच्या नातेवाइकांच्या क्रूर वागणुकीची १,४०,०१९ प्रकरणे देशात नोंदली गेली. न्यायालयांनी घालून दिलेल्या नियमांचा एकत्रित विचार करता त्यांत एक सुसंगत दिशा दिसते. तक्रारीचे दार उघडे ठेवावे व ते स्त्रीच्या जवळ असावे. अटक कारणाशिवाय नसावी. आणि प्रत्येक आरोपीचा विचार त्याच्या कृत्यावरून व्हावा, नात्यावरून नव्हे. या तिन्ही गोष्टींत परस्परविरोध नाही. त्या साध्य होणे मात्र कायद्याच्या शब्दांपेक्षा पहिली खबर कशी लिहून घेतली जाते, अन्वेषण किती तत्परतेने होते आणि खटला किती वर्षांत निकाली निघतो, यांवर अधिक अवलंबून आहे. विलंब हा या खटल्यांतील सर्वांत मोठा दोष असून खऱ्या तक्रारदार स्त्रीला व निर्दोष नातेवाइकाला त्याची झळ सारखीच पोहोचते.